ठेवणीतली बोटं

त्याचं नाव मी इथं लिहिणार नाही. संध्याकाळी साडेसातला टीव्ही लावणाऱ्या कुठल्याही घरात ते माहीत आहे, आणि माझ्या हातानं ते आणखी एकदा लिहावं एवढं माझं मन मोठं नाही. तो म्हणजे माझा नाटकातला जोडीदार. इथून पुढं नुसतं 'तो' म्हणेन.

माझं नाव लिहिलं असतं तरी काही बिघडलं नसतं, कारण ते कुणालाच माहीत नाही. मला लोक चेहऱ्यानं ओळखतात, तेही अर्धवट. मंडईत मेथीची जुडी हातात धरून एखादी बाई थबकते, माझ्याकडं निरखून बघते आणि म्हणते, "पावणं, तुमी आमच्या जावयाच्या बँकेत हाय न्हवं?" मी मान हलवतो. बँकेत मी कधीच नव्हतो. मी पाटबंधारे खात्यात कारकून होतो आणि गेली पंचवीस वर्षं सिनेमात आणि मालिकांत चरित्र भूमिका करतो. म्हणजे इन्स्पेक्टर, डॉक्टर, वकील, नवरीचा मामा. संहितेत माझ्या पात्राला सहसा नाव नसतं. 'डॉक्टर' असं लिहिलेलं असतं, किंवा 'शेजारी दोन'. शेजारी एकला वाक्यं जास्त असतात.

तो आणि मी कोल्हापुरातल्या एकाच नाट्यमंडळात वाढलो. कोर्टाजवळ त्याचं झेरॉक्स आणि टायपिंगचं दुकान होतं. आमच्या नाटकांच्या संहिता तोच टाइप करायचा, म्हणून त्याला सगळ्यांची वाक्यं पाठ असायची आणि म्हणूनच आम्ही त्याला प्रॉम्प्टिंगला बसवायचो. मी राजा झालो की तो भालदार व्हायचा. मी वकील झालो की तो कोर्टातला पट्टेवाला. हे दहा-बारा वर्षं चाललं आणि मला ते अगदी योग्य वाटत होतं. त्यालाही वाटत असावं, कारण त्यानं कधी तक्रार केली नाही. तक्रार न करणाऱ्या माणसापासून सावध राहावं हे मला उशिरा कळलं.

आता आप्पांबद्दल सांगायला हवं, कारण हे सगळं त्यांच्यावरूनच आहे. माझे वडील गुळव्या होते. राधानगरीच्या रस्त्याला आमचं गाव. हंगामात आप्पा या गुऱ्हाळावरून त्या गुऱ्हाळावर जायचे. काहिलीत उसाचा रस तासन्‌तास उकळतो, खाली चुलवाणात चिपाडं ढकलत असतात, दहा माणसं भोवती राबत असतात, पण काहील कधी उतरवायची हे एकटा गुळव्या सांगतो. थोडी आधी उतरवली तर गूळ बसत नाही, थोडा उशीर झाला तर काळा पडतो. आप्पांच्या उजव्या हातात लांब दांड्याचं लाकडी फावडं असायचं. डाव्या हाताची बोटं पाण्यात बुडवून ते उकळत्या पाकाचा थेंब उचलायचे, अंगठा आणि दोन बोटं एकमेकांवर घासायचे आणि मग हळूच उघडून उजेडाकडं धरायचे. बोटांमध्ये तार दिसली की म्हणायचे, "उतरवा."

ती सवय त्यांच्या हाताला कायमची लागली होती. घरात कुणी काही विचारलं की आधी अंगठा आणि दोन बोटं घासली जायची, उघडली जायची, आप्पा त्यांच्याकडं बघायचे आणि मग उत्तर यायचं. मी नाटकात काम करू का म्हणून विचारलं तेव्हाही ती बोटं उघडली होती. मी श्वास धरून त्या रिकाम्या बोटांकडं बघत होतो. "कर," ते म्हणाले. "पण नोकरी सोडायची न्हाय."

नटाला माणसं साठवायची खोड असते. मावशीचा नवरा पान खाताना बोलायचा तसा मी एका सिनेमात सावकार बोललो. आमच्या ऑफिसातल्या बडेबाबूंची फाइल उघडण्याआधी टेबल पुसायची पद्धत मी न्यायाधीशाला दिली. एकेक करून बरीच माणसं खर्च झाली. आप्पांची बोटं मात्र मी वापरली नाहीत. ती ठेवणीतली होती. घरात एखादी पैठणी असते, लग्नाकार्यालाच बाहेर काढायची, तशी. कधीतरी मोठा सिनेमा येईल, त्यात बापाची भूमिका असेल, पोस्टरवर चेहरा असेल, तेव्हा ही बोटं बाहेर निघतील आणि लोक विचारतील, हे कुठून आणलंत. मी उत्तरसुद्धा तयार ठेवलं होतं.

ते उत्तर आजही तयारच आहे.

आप्पांना अर्धांगवायूचा झटका आला ते वर्ष माझ्यासाठी फार मोलाचं होतं, असं मला तेव्हा वाटत होतं. मी बिनपगारी रजा काढून मुंबईत जाऊन राहिलो होतो. एका मालिकेत डॉक्टरचं काम मिळालं होतं, ते वाढण्याची शक्यता होती आणि कुणीतरी सांगितलं होतं की नजरेसमोर राहिलं तर कामं मिळतात. आप्पांना गावाकडून आमच्या कोल्हापूरच्या घरी आणलं. मी आलो, चार दिवस थांबलो, फिजिओथेरपीवाल्याची सोय केली आणि परत निघालो. निघताना त्याच्या झेरॉक्सच्या दुकानावर गेलो आणि म्हणालो, "जरा बघत जा रं घराकडं."

"काळजी करू नको, भावा," तो म्हणाला.

हे मी त्याला स्वतः सांगितलं होतं. आजही ते वाक्य आठवलं की जीभ चावावीशी वाटते.

आप्पा त्यानंतर चौदा महिने होते. मी महिन्या-दोन महिन्यांनी यायचो, एखाद-दोन दिवस राहायचो. ते बहुतेक झोपलेले असायचे. जागे असले की मी कॉटशेजारी खुर्ची घ्यायचो आणि माझ्या कामांचं सांगायचो. मीच बोलायचो. त्या काळात मी पडद्यावर पाच वेळा डॉक्टर झालो. नातेवाइकांच्या खांद्यावर हात ठेवून धीर देण्याचं काम मला चांगलं जमतं असं एक दिग्दर्शक म्हणाला होता, आणि ते मी आप्पांना हसत हसत सांगितलं होतं. आप्पा गेले तेव्हा मी पोचलो तोवर तिरडी बांधून झाली होती. बांधणाऱ्यांत तो होता.

पुढं दोन वर्षांनी ती मालिका आली. शूटिंग कोल्हापुरातच होणार होतं, हातकणंगल्याच्या वाटेवर एक मोठा बंगला भाड्यानं घेतला होता. गुळाच्या व्यापाऱ्याचं घर, तीन सुना आणि वर एक खमका सासरा. सासऱ्याच्या भूमिकेसाठी स्थानिक नट हवा होता. ऑडिशनला आम्ही मंडळातले सातजण गेलो. तो माझ्याच मोटारसायकलवर मागं बसून आला. पेट्रोलसुद्धा माझंच होतं, पण ते जाऊ दे.

मी आवाज चढवून केलं. सासऱ्यानं धाकट्या मुलाला घराबाहेर काढायचं असा प्रसंग होता. गुळाच्या व्यापाऱ्याचं घर म्हटल्यावर आप्पांची बोटं माझ्या डोक्यात आलीच. मी ती मुद्दाम मागं ठेवली. रोज संध्याकाळी साबणाच्या जाहिरातींमध्ये दाखवायला का ती? मालिकेत बोटं खर्च करायची नाहीत असं मी ठरवलं. माझा आवाज खोलीभर घुमला, कुणीतरी टाळ्याही वाजवल्या.

माझ्यानंतर तो आत गेला. दार उघडंच होतं. त्यानं मुलाकडं बघितलं, काही बोलला नाही. मग अंगठा आणि दोन बोटं एकमेकांवर घासली, सावकाश उघडली, बघितली आणि हलक्या आवाजात म्हणाला, "जा बाबा."

मी दारात उभा होतो. माझ्या कानशिलात कुणीतरी लगावल्यासारखं झालं.

परत येताना तो मागं बसून म्हणाला, "आप्पांचं जरा केलं मी. चाललं न्हवं?" मी म्हणालो, "चाललं की." हेल्मेटमुळं त्याला माझं तोंड दिसत नव्हतं. दुसऱ्या दिवशी त्याला फोन आला. मला महिन्याभरानं आला. सासऱ्याची तब्येत बिघडते, त्यासाठी डॉक्टर हवा होता.

ती बोटं बघता बघता महाराष्ट्रभर झाली. मालिकेत काही निर्णय घ्यायची वेळ आली की कॅमेरा आधी त्याच्या हातावर जायचा. सुना थांबायच्या, मुलं थांबायची, संगीत थांबायचं, बोटं घासली जायची, उघडायची, आणि तिथंच जाहिरात लागायची. रिक्षावाला भाडं सांगण्याआधी तशी बोटं करून हसायला लागला. माझ्या पुतण्याच्या साखरपुड्यात नवऱ्यामुलाच्या मित्रांनी फोटो काढताना ओळीनं उभं राहून तशीच बोटं केली. मी जिलेबी अर्धी टाकून उठलो. जळत होतो मी. त्याला दुसरा शब्द नाही, आणि शोधायचाही नाही.

सगळ्यात जास्त लागलं ते आईचं. आई माझ्याबरोबरच राहते. साडेसात वाजले की ती टीव्हीसमोर पाट घेऊन बसते, पुढ्यात काहीतरी निवडायला, सोलायला घेते. पंचवीस वर्षांत माझी कामं तिनं तशीच हात चालू ठेवून बघितली होती. मी कोर्टात फाशी सुनावली तेव्हा ती घेवडा मोडत होती. पण त्याची बोटं घासली जायला लागली की तिचे हात थांबायचे. ती चष्मा नीट करायची, पुढं वाकायची. बोटं उघडली की तिच्या तोंडून "हं" असा एवढासा आवाज यायचा आणि मग पुन्हा लसूण हातात घ्यायची. रोजचं होतं ते. मी स्वयंपाकघरातून मुद्दाम भांड्याचा आवाज करून बघितला, पाणी पाहिजे का म्हणून विचारून बघितलं. तिनं मान वळवली नाही.

माझ्याकडं एकच आधार होता. तो चुकत होता. ती बोटं तो उजव्या हातानं करायचा. हे मी पहिल्याच दिवशी दारातून टिपलं होतं. गुळव्याचा उजवा हात फावड्यात गुंतलेला असतो, पाक बघतो तो डावा. चोरी केली तीही नीट केली नाही, असं मी मंडळातल्या प्रत्येकाला एकेकदा सांगून झालं होतं. बायकोला किती वेळा सांगितलं ते तीच सांगू शकेल. तो चुकतोय एवढं म्हटलं की मला रात्रीचं जेवण गोड लागायचं.

मालिकेला दोन वर्षं झाली तेव्हा कोल्हापुरात त्याचा जाहीर सत्कार झाला. फेटे, हलगी, सगळं साग्रसंगीत. जुना सहकारी म्हणून मला दोन शब्द बोलायला सांगितलं होतं. पहिल्या रांगेत त्यानं स्वतः जाऊन आईला बसवलं होतं. मी सुरुवातीला चांगलंच बोललो. त्याचे कष्ट, त्याचं पाठांतर. मग लोकांना ती बोटं कुठून आली ते सांगितलं, माझ्या वडिलांचं सांगितलं, टाळ्या पडल्या. तिथं मी खाली बसायला हवं होतं.

"फक्त एक सांगतो," मी हसून म्हणालो, "गुळव्याचा उजवा हात मोकळा नसतो. आमच्या मित्रानं बोटं बरोबर उचलली, पण हात चुकीचा उचलला."

सभागृह खळखळून हसलं. तोही हसला. माइक पुढं ओढून म्हणाला, "लेक सांगतोय म्हंजे बरोबरच असणार. आपण पडलो झेरॉक्सवाले." आणखी मोठा हशा झाला. मी खाली येऊन बसलो तेव्हा माझे कान गरम झाले होते, आनंदानं. शेजारी आई होती. ती हसत नव्हती. तिला माइकवरचं नीट ऐकू आलं नसेल असं मला वाटलं.

मग यंदा त्याला हिंदीतली वेबसिरीज मिळाली आणि त्यानं मालिका सोडली. सासऱ्याला मारता येत नव्हतं, कारण गोष्ट त्याच्यावरच उभी होती. अशा वेळी पात्र तेच ठेवून नट बदलतात. पहिल्या दिवशी खाली पट्टी येते की यापुढे ही भूमिका अमुक साकारतील. मालिकेच्या ऑफिसातून मला फोन आला. मी लगेच हो म्हणू नये म्हणून दहापर्यंत आकडे मोजले आणि मग हो म्हणालो. पंचवीस वर्षांत पहिल्यांदा माझं पूर्ण नाव पडद्यावर वाचता येईल इतका वेळ थांबणार होतं. आणि आप्पांची बोटं अखेर घरच्या माणसाच्या हाती येणार होती. मालिका तर मालिका.

कामाच्या आदल्या दिवशी दुपारी मला बंगल्यावर बोलावलं. कपड्यांची मापं झाली, मिशी ठरली. मग सहायक दिग्दर्शिका माझ्यासमोर टॅब घेऊन बसली. इचलकरंजीची चुणचुणीत मुलगी. तिनं त्याचे तीन वर्षांतले सगळे हात एकाखाली एक जोडून ठेवले होते. घासणं, उघडणं, बघणं. घासणं, उघडणं, बघणं.

"काका, हे एवढं उचला म्हणजे झालं. बाकी चेहऱ्याची प्रेक्षकांना सवय होते."

मी म्हणालो, "बाळ, हे मला उचलायची गरज नाही. हे आमच्या घरातलं आहे." आणि डावा हात उचलून करून दाखवलं. इतकी वर्षं जपलेलं, पहिल्यांदाच परक्या माणसासमोर काढलं.

ती टॅबवर बघत म्हणाली, "छान आहे. पण उजवा हवा."

"मुळात तो डावाच आहे."

"असेल हो काका. पण लोकांना उजवा माहीत आहे. डाव्यानं केलं तर ते म्हणतील, ह्यांना नीट नक्कल करता येत नाही."

नक्कल. माझ्या बापाची बोटं, आणि नक्कल मी करायची, त्याची. मी काहीतरी बोललो असेन, कारण तिनं टॅब मिटला आणि नरमाईनं म्हणाली, "उद्या सकाळी नऊला पहिला सीन आहे. तेवढं घरी करून बघा."

घरी आलो तो धुमसतच. आई वर्षाच्या मसाल्यासाठी लसूण सोलत बसली होती, पाटीभर. मी चप्पल काढता काढताच सुरू झालो. या लोकांना काही कळत नाही, एकानं चूक केली की तीच खरी धरून चालतात, आणि आता ती चूक मीही करायची म्हणे, उजव्या हातानं.

"बरोबर हाय त्येंचं," आई म्हणाली.

"काय बरोबर?"

"उजवा."

"आई, आप्पा डाव्यानं बघायचे पाक. मी बारका असल्यापासनं बघतोय न्हवं?"

तिनं सोललेली पाकळी ताटात टाकली. "डावा गेलता त्यांचा. मग कशानं बघत्याल?"

मी खांबाला टेकलो. आप्पांची डावी बाजू गेली हे मला माहीत होतं. कागदांवर मीच सह्या केल्या होत्या. फिजिओथेरपीवाल्याला मीच सांगितलं होतं, डाव्याकडं जास्त लक्ष द्या. आणि आप्पांची बोटं डाव्या हाताची, हेही मला माहीत होतं. या दोन गोष्टी मी इतक्या वर्षांत एकदासुद्धा शेजारी शेजारी ठेवून बघितल्या नव्हत्या.

आई सांगायला लागली. तिचे हात चालूच होते. "पयल्यांदा कोण काय इचारलं की त्यो डावाच उचलाय बघायचे. उचलायचा न्हाय. मग बोलायचेच न्हाईत. आठ-आठ दिस बोलायचे न्हाईत. मग ह्यो तुजा दोस्त म्हणला, काकी, वाटीत गूळ इरगळून आणा. घट्ट करून. उजव्या हातानं बघा म्हणला आप्पा. रोज सांजच्याला दुकान बंद करून यायचा आनि कॉटवर बसायचा. बोटं बुडवायची, घासायची, उघडायची. उजव्याला काय ठावं त्यातलं? नुसता राड व्हायचा, अंथरुणावर समदा गूळ. ह्यो पुसायचा. परत बुडवायचा. चार म्हैनं चाललंतं."

"मग?"

"मग एक दिस म्हणले, आली तार. तवापासनं बोलाय लागले. ज्येवायचं का म्हणलं की ती बोटं करायचे आनि मग म्हणायचे, व्हय."

मी विचारलं, "मला का न्हाय सांगितलंस?"

"तू इचारलंस कवा? आला की तुजंच सांगत बसायचास." तिनं हे रागानं म्हटलं नाही. "आनि त्या सत्काराच्या दिशी तू बोललास तवा उठून सांगावं वाटलंतं. पण चारचौघांत कसं सांगायचं. त्योबी गप बसला, मग म्या बसले."

त्या दिवशीचा तो हशा मला पुन्हा ऐकू आला. आपण पडलो झेरॉक्सवाले. त्याला माहीत होतं. मला स्टेजवर उघडं पाडायला त्याला एक वाक्य पुरलं असतं, आणि ते त्यानं गिळलं होतं. त्याच्या जागी मी असतो तर गिळलं नसतं. त्यानं निदान तेव्हा तरी उत्तर दिलं असतं तर मला त्याचा रीतसर राग धरता आला असता.

आणि खरं सांगतो, हे कळल्यावर माझी असूया कमी झाली नाही. वाढली. आतापर्यंत त्याच्याकडं माझी भूमिका होती, नाव होतं, सत्कार होता. आता कळलं की चार महिने माझा बापही त्याच्याकडं होता. आप्पा पुन्हा बोलायला शिकत होते तेव्हा मी मुंबईत कुणाच्या तरी नजरेसमोर राहत होतो. मी जपून ठेवली होती ती बोटं आप्पांची होती, पण ती आप्पा स्वतःच कधीची मागं टाकून पुढं गेले होते.

दुसऱ्या दिवशी मी उजव्या हातानं केलं. हात माझा वाटेना. तिसऱ्या वेळी दिग्दर्शक "चालेल" म्हणाला. 'चालेल' आणि 'छान' यातला फरक पंचवीस वर्षं या धंद्यात काढलेल्या माणसाला सांगावा लागत नाही.

आठवड्यानं तो भाग लागला. साडेसातला बायको, मुलगी, वरच्या मजल्यावरचे भाडेकरू, सगळे जमले. पट्टी आली, माझं नाव पूर्ण आलं, मुलीनं फोटो काढला. मी मात्र आईकडं बघत होतो. तिच्या पुढ्यात तीच पाटी होती, मसाल्याचा लसूण अजून संपला नव्हता. मोठी सून माहेरी जाऊ का म्हणून विचारते, असा प्रसंग होता. पडद्यावर माझा उजवा हात वर आला. अंगठा आणि दोन बोटं घासली गेली. उघडली.

आईचे हात थांबले नाहीत. पाकळी सोलली, ताटात टाकली, पुढची घेतली.

सगळे गेल्यावर मी तिच्याजवळ बसलो. म्हणालो, "कसं वाटलं?"

"घाई करतोस," ती म्हणाली. "तार हाय का न्हाय त्ये बघायच्या आधीच उघडून मोकळा हुतोस."

"पहिलाच दिवस हाय."

"त्यो परत येणार न्हाय व्हय?"

"न्हाय. मीच हाय आता."

तिनं हातातली पाकळी सोलून ताटात टाकली. मग म्हणाली, "मग त्येला इचारून घे. त्येला म्हाईत हाय."

मी उठून खिडकीशी गेलो. खाली रिक्षा जात होत्या. फोन हातात घेतला, त्याचं नाव काढलं आणि पुन्हा खिशात टाकला. असं दोनदा झालं. माझ्याच बापाचा हात कसा उघडायचा ते मी त्याला विचारायचं? इतकं लहान होण्यापेक्षा डॉक्टरच बरा. मग मागं वळून बघितलं. आई लसूण सोलत होती आणि टीव्हीवर दुसरंच काहीतरी चाललं होतं. उद्या साडेसातला ती पुन्हा तिथंच बसणार होती.

तिसऱ्यांदा मी लावला. त्यानं लगेच उचलला.

"बघितला एपिसोड," तो म्हणाला. "पट्टी लई वेळ ठेवली की रं. बरं वाटलं."

"आप्पांचा हात," मी म्हणालो आणि थांबलो. "उजवा. तो कसा उघडायचे ते सांग."

त्यानं आता काहीही म्हटलं असतं तरी मला ते ऐकून घ्यावं लागणार होतं.

"व्हिडिओ कॉल लाव," तो म्हणाला. "आनि आधी काकीस्नी सांग, वाटीत गूळ इरगळून द्या म्हणावं. घट्ट. नुसतं हवेत जमत न्हाय त्ये."

फोन स्पीकरवर नव्हता, पण त्याचा आवाज मुळातच मोठा. मी आईला सांगायला वळलो. ती लसणाची पाटी बाजूला सारून उठली होती.